बुरुल राहिली नाही

सोमवारी सकाळी ओमुरकुल चहात पाव बुडवत होता, तेवढ्यात फोन वाजला.

"ओमुरकुल का? टीव्हीवाले?"

"हो. आपण कोण?"

"मी बुरुल."

"कोण बुरुल?"

"काल संध्याकाळी तुम्ही जिला मारलंत, ती."

पाव चहात बुडाला तो वर आला नाही. ओमुरकुलने गडबडून विचारलं, "आपण कुठून बोलताय?" आणि विचारल्यावर त्याच्या लक्षात आलं, की या प्रसंगी हा प्रश्न जरा वेगळाच ऐकू येतो.

"वरून नाही," बाई म्हणाल्या. "इथूनच. सरोवराच्या दक्षिणेला, कारा-बुलुन गावातून."

आवाजात राग नव्हता, आणि त्यामुळेच ओमुरकुलला घाम फुटला.

"कार्यक्रम चांगला केलात हं," त्या पुढे म्हणाल्या. "शेजारच्या बायकांना बोलावून आम्ही सगळ्यांनी बसून पाहिला. घोड्यावरचं सगळं नीट दाखवलंत. फोटोही चांगला निवडलात, त्यात माझं नाक बारीक दिसतं. मग एकदम काळी चौकट आली आणि खाली १९३८ ते १९७४. शेजारीण म्हणाली, अगं, परवाच तर तू माझी चाळण नेलीस."

"एजे," थोरल्या बहिणीला हाक मारावी तसा ओमुरकुल म्हणाला, "माझी फार मोठी चूक झाली. मी आज..."

"ते राहू दे. अडचण वेगळीच आहे. नारीनहून माझे चुलतभाऊ दुखवट्याला निघालेत. मिनीबस केलीय, बरोबर मेंढी घेतलीय."

"मग त्यांना फोन करून सांगा ना."

"केला की थोरल्याला. तो म्हणाला कोण बोलतंय, मी म्हटलं बुरुल. तर तो रडायलाच लागला. म्हणाला, आवाज अगदी तिच्यासारखा आहे हो, तुम्ही तिच्या कोण?"

"पण साल तरी बघायचं. चौऱ्याहत्तर म्हणजे..."

"तेही सांगून पाहिलं. म्हणाला, टीव्हीवाले साल चुकवतात, माणूस चुकवत नाहीत. तेव्हा तुम्हीच या आणि सगळ्यांना सांगा. माझं कुणी ऐकत नाही."

साल चुकवतात, हे वाक्य ओमुरकुलला मृत्यूच्या बातमीपेक्षा जास्त लागलं. गेली अठरा वर्षं तो दर रविवारी बिश्केकच्या सरकारी वाहिनीवर 'जुना पडदा' नावाचा कार्यक्रम करत होता. तरुणपणी तो फिल्म स्टुडिओत सहायक होता, म्हणजे रिळांचे डबे उचलत होता. पुढे देश बदलला, चित्रपट बनायचे थांबले, स्टुडिओच्या मोठ्या दालनात कुणीतरी सोफासेट ठेवायला लागलं. तेव्हा ओमुरकुल टीव्हीवर गेला आणि म्हणाला, नवीन काही बनत नसेल तर निदान बनलेल्याची तरी लोकांना आठवण करून देऊ. त्यांनी त्याला रविवारचा एक तास दिला. दिग्दर्शक तोच आणि निर्माताही तोच. निर्माता म्हणजे गाडीत पेट्रोल आहे ना हे बघणारा, म्हाताऱ्या नटीसाठी घरच्या बागेतली फुलं तोडून नेणारा, आणि एकदा तर लिफ्ट बंद होती म्हणून ऐंशी वर्षांच्या विनोदी नटाला पाचव्या मजल्यावरून पाठीवर घेऊन उतरणारा. नट उतरताना त्याच्या कानात जुने संवाद म्हणत होता आणि ओमुरकुलला हसू आवरत नव्हतं, दोघेही पडता पडता वाचले.

असे नऊशेच्या आसपास कार्यक्रम झाले. नट, नट्या, छायाचित्रकार, एक घोडा शिकवणारा, एक खोटा बर्फ पाडणारा. त्यांतल्या एकाचीही तारीख चुकली नव्हती. शंका आली की ओमुरकुल वही घेऊन कबरस्तानात जाई आणि दगडावरचं साल स्वतः वाचून येई. या वेळी तेवढं राहिलं होतं, कारण त्याची दाढ सुजली होती.

तो तसाच टीव्हीच्या इमारतीत गेला. संकलन करणारी चिनारा आधीच आली होती. तिला कार्यक्रमातलं काहीही लांबलेलं खपत नसे, आणि खोकला तर अजिबात नाही.

"चिनारा, मेदेरची मुलाखत काढ. पूर्ण. न कापलेली."

मेदेर हा 'खिंडीपलीकडची सून' या बासष्ट सालच्या चित्रपटाचा नायक. बुरुल त्यात सून होती. हिमवादळात घोड्यावरून खिंड ओलांडून सासरी जाणारी ती सून बघायला अख्खा देश थिएटरात गेला होता. नंतर दोघांनी खरोखरचं लग्न केलं. बुरुलने पुन्हा चित्रपटात काम केलं नाही. मेदेरने बरीच केली, आणि बाकीही बरंच केलं. दाढेमुळे ओमुरकुल मुलाखतीला गेला नव्हता. प्रश्न कागदावर लिहून त्याने कॅमेरामन व्हलोद्याला एकट्यालाच धाडलं होतं.

चिनाराने चित्रफीत लावली. पडद्यावर म्हातारा मेदेर मान खाली घालून म्हणाला, "बुरुल राहिली नाही..."

इथपर्यंत सगळ्या देशाने काल पाहिलं होतं. पुढचं देशाने पाहिलं नव्हतं. पुढे मेदेरला खोकल्याची उबळ आली. तो पाऊण मिनिट खोकला, डोळ्यांत पाणी आलं, व्हलोद्याने कॅमेऱ्यामागून पाण्याचा ग्लास पुढे केला. पाणी पिऊन मेदेरने वाक्य पुरं केलं, "...माझ्यापाशी. गेली सरोवराकाठी, माहेरी. बरोबरच केलं तिनं."

चिनाराने चित्रफीत थांबवली.

"खोकला होता म्हणून मी तिथेच तोडलं," चिनारा म्हणाली. "चाळीस सेकंद जास्त होत होते."

"आणि ते डोळ्यांतलं पाणी?"

"पाणी छान होतं. ते ठेवलं. खाली व्हायोलिन टाकलं."

"आणि साल? चौऱ्याहत्तर कुणी सांगितलं?"

"तुम्हीच व्हलोद्याला फोन केलात ना, बायके? त्या कधी गेल्या म्हणून विचारलंत. तो मासे पकडत होता. म्हणाला, चौऱ्याहत्तर साली गेल्या असं मेदेर म्हणाले."

ओमुरकुलला आठवलं. त्याने तसं विचारलं होतं आणि व्हलोद्याने खरं तेच उत्तर दिलं होतं. या सगळ्या प्रकरणात एकही माणूस खोटं बोलला नव्हता, आणि एक जिवंत बाई मेली होती.

वाहिनीचा प्रमुख तालान्त पस्तिशीचा होता. त्याच्याही तोंडी ओमुरकुलसाठी बायके, म्हणजे थोरला भाऊ, हेच संबोधन असे, पण तो ते घड्याळाकडे बघत म्हणे. ओमुरकुलने सगळं सांगितलं आणि येत्या रविवारी दुरुस्ती दाखवायची परवानगी मागितली.

"दुरुस्ती म्हणजे?"

"म्हणजे त्या जिवंत आहेत, असं सांगायचं."

"बायके, जरा थांबा. काल मंत्र्यांच्या बायकोने कार्यक्रम पाहिला. ती रडली. आज सकाळी साडेआठला मंत्रालयातून फोन आला, एकतीस ऑगस्टच्या, स्वातंत्र्यदिनाच्या समारंभात बुरुलबाईंना पदक. मरणोत्तर. यादी टाइप होऊन वर गेलीय."

"मग जिवंतपणी द्या की. त्यांना हातात घेता येईल."

"जिवंतांची यादी मे महिन्यात बंद झाली," तालान्त म्हणाला. "मेलेल्यांच्या यादीत एक जागा होती. असं बघा, फक्त दोन आठवडे. त्यांना जाऊन सांगा, एकतीस तारखेपर्यंत गप्प राहा म्हणावं. समारंभ झाला की आपण हळूच काहीतरी करू. नाहीतर मला रविवारच्या त्या तासाचा विचार करावा लागेल. गाण्याच्या स्पर्धेवाले गेलं वर्षभर माझ्या दारात बसलेत."

ओमुरकुल जिना उतरला. एखाद्याला जाऊन दोन आठवडे मेलेलं राहा म्हणून कसं सांगायचं, याची वाक्यं तो मनात जुळवत होता, आणि एकही जुळत नव्हतं.

मंगळवारी सकाळी तो व्हलोद्याला घेऊन निघाला. घाट ओलांडून सरोवराच्या काठाकाठाने ते दुपारी कारा-बुलुनला पोचले. घर विचारावं लागलं नाही. रस्त्यालगतच्या अंगणात पांढरा तंबू, बोज-उय, उभा होता. किर्गिझ माणसाला अंगणात पांढरा तंबू आणि बाहेर ओळीने उभे असलेले टोपीवाले पुरुष दिसले की कोण गेलं हे विचारायची गरज वाटत नाही. तो थांबतो, दोन शब्द रडतो, जेवतो आणि पुढे जातो.

"तंबू कशाला उभारलात?" ओमुरकुलने बुरुलच्या भाच्याला विचारलं.

"नारीनचे एकवीस जण आले. घरात मावेनात. म्हणून रात्री झोपायला उभारला. तर सकाळपासून रस्त्यावरच्या गाड्याच थांबायला लागल्या. आत्ता एक ट्रकवाला येऊन गेला. प्रार्थना केली, दोन वाडगे रस्सा प्यायला, गेला. कोण वारलं ते विचारलंसुद्धा नाही."

नारीनचे चुलतभाऊ एव्हाना बुरुलला जिवंत पाहून चुकले होते. आधी त्यांना आनंद झाला होता, मग थोडा संकोच. पण आणलेली मेंढी परत नेणं बरं दिसत नाही, म्हणून ती कापली होती. ती पुरली नाही, म्हणून भाच्याने आपली एक कापली होती. त्याचा वास गावभर गेला, आणि मग गावही आलं.

बुरुल स्वयंपाकघरात होती. एकाहत्तर वर्षांची, उंच, ताठ. पस्तीस वर्षं तिने गावातल्या हवामान केंद्रात सरोवरावरच्या वाऱ्याच्या नोंदी ठेवल्या होत्या, त्यामुळे माणसांकडेही ती आधी वारा कुठून येतोय ते बघावं तशी बघे. हात कोपरापर्यंत पिठात होते. ओमुरकुलने टोपी काढून माफी मागितली. ती त्याने गाडीत चार वेळा म्हणून पाहिली होती.

"झालं ते झालं," बुरुल म्हणाली. "ती कणीक इकडे सरकव."

ओमुरकुलने कणीक सरकवली, आणि मग जमिनीकडे बघत तालान्तचा निरोप सांगितला. पदक, यादी, दोन आठवडे.

बुरुलने लाटणं थांबवलं नाही. "मेलेलं राहायला माझी ना नाही रे. पण मेलेल्या बाईला रोज पन्नास माणसांचा स्वयंपाक करावा लागत नाही. तुझ्या मंत्र्यांना म्हणावं, एक तर पदक ठेवा, नाहीतर आचारी पाठवा."

"मलाही ते पटलं नव्हतं, एजे."

"मग सांगितलंस कशाला?"

ओमुरकुलने हातातली टोपी उलटी केली, सुलटी केली. तेवढ्यात बाहेर टॅक्सीचं दार आपटलं आणि रस्त्यावरून पुरुषाच्या रडण्याचा आवाज येऊ लागला. पद्धतीप्रमाणे दूरवरूनच, कमरेवर हात ठेवून, मोठ्याने, शब्द काढत. रंगभूमीवर काम केलेल्या माणसाचा आवाज होता. अंगणात चाळीसजण बोलत होते, तरी प्रत्येक शब्द स्वयंपाकघरापर्यंत पोचत होता.

"बुरुल गं, माझी बुरुल..."

ओमुरकुल खिडकीशी गेला. फाटकात मेदेर उभा होता. काळा कोट, पांढरी टोपी. ज्या माणसाच्या तोंडून ही बातमी निघाली होती, तोच ती टीव्हीवर पाहून रडत आला होता.

भाच्याची बायको हात पुसत दाराकडे धावली. "अगंबाई, त्यांना सांगायला हवं कुणीतरी."

बुरुलने पिठाचा हात वर केला. "कुणी काही सांगायचं नाही. बोलू दे त्याला."

बाहेरच्यांनाही खूण पोचली. नारीनच्या चुलतभावांनी माना खाली घातल्या. रडणाऱ्याला मध्येच तोडायचं नसतं, आणि खरं तर त्यांना पुढचं ऐकायचंही होतं. व्हलोद्याने कॅमेरा खांद्यावर घेतला होता. तो केव्हा चालू केला हे त्याला नंतर सांगता आलं नाही.

"तू चौऱ्याहत्तर साली मला सोडून आलीस," मेदेर रडत म्हणाला, "आणि त्याच वर्षी गेलीस, आणि मला कुणी कळवलं नाही गं. मी तिकडे रोज म्हणायचो, बुरुल सरोवराकाठी सुखात असेल. तुझ्यामागे महिनाभराने मी बसस्टँडवर आलो होतो. तिकीट काढलं होतं. बस लागली, लोक चढले, मी चढलो नाही. मला वाटलं, तू दारातच विचारशील, का आलास, आणि मला उत्तर येणार नाही."

बुरुल लाटणं हातात धरून उभी होती. कणकेची पोळी पोळपाटाला चिकटली होती.

"खिंड तू एकटीने ओलांडलीस," तो सांगत होता. "अंगात ताप होता तुझ्या. सगळीकडे मी सांगितलं, की घोड्याचा लगाम मी धरला होता. मी कुठला धरतोय. मी ट्रकमध्ये होतो, कांबळं पांघरून. सत्तेचाळीस वर्षं मी त्या टाळ्या घेतल्या. परवा टीव्हीवरही तेच सांगितलं. तुझ्या मातीच्या कार्यक्रमात तेच सांगितलं गं."

ओमुरकुलने डोळे मिटले. लगामाची गोष्ट त्याने कार्यक्रमात पाच मिनिटं दाखवली होती, मागे बासरी लावून. म्हणजे चूक फक्त सालाची नव्हती.

"ताप एकशेतीन होता," बुरुल हलक्या आवाजात म्हणाली. ती कुणाशी बोलत नव्हती.

मेदेरला आणखी काही सांगायचं होतं, पण तेवढ्यात त्याला खोकल्याची उबळ आली. तो दोन्ही हात गुडघ्यांवर टेकून वाकला आणि खोकत राहिला. बुरुलने बादलीतून वाडगाभर पाणी घेतलं, अंगण ओलांडलं आणि वाडगा त्याच्यापुढे धरला.

"आधी पाणी पी. मग बाकीचं सांग."

मेदेरने वाडगा घेतला, तोंडाला लावला आणि वाडग्यावरून वर बघितलं. मग तो जिथे होता तिथेच, धुळीत, बसला. पाणी कोटावर सांडलं.

"तू... तू चौऱ्याहत्तर साली गेलीस ना?"

"गेले की. इथे आले."

"टीव्हीवर सांगितलं, राहिली नाही म्हणून."

"टीव्हीवर तूच सांगितलंस, मेदेर."

म्हाताऱ्याने यावर बराच विचार केला. "हो," तो शेवटी म्हणाला. "पण माझ्या तोंडून ऐकलं तेव्हा मला खरं वाटलं."

नारीनच्या थोरल्या चुलतभावाने त्याला हात धरून उठवलं आणि तंबूत नेऊन वरच्या जागेवर बसवलं. इतकं चांगलं रडलेल्या माणसाला तीच जागा द्यायची असते.

संध्याकाळी निघताना ओमुरकुलने बुरुलला कॅमेऱ्यातलं सगळं दाखवलं. तिने ते दोनदा पाहिलं.

"त्याचं रडणं दाखव," ती म्हणाली. "लगामाचं तर नक्की दाखव. मी बाहेर येते तिथपासून पुढचं काप."

"का हो?"

"केसांना पीठ लागलंय माझ्या. आणि मी त्याच्याकडे बघतेय कशी, ते बघ."

ओमुरकुलने पाहिलं. ती खरंच वेगळीच बघत होती. "एजे," तो म्हणाला, "मी आता काही कापणार नाही."

तिने वाद घातला नाही. जाताना वाळवलेल्या जर्दाळूंची पिशवी तेवढी त्याच्या गाडीत टाकली.

रविवारी कार्यक्रमाला दहा मिनिटं असताना ओमुरकुलने चित्रफीत प्रक्षेपणाच्या खोलीत नेऊन दिली. तालान्तला दाखवली नाही. निर्माता म्हणून आपल्याला एवढा अधिकार असावा, असं त्याला अठरा वर्षांत पहिल्यांदाच वाटलं. त्याने सुरुवातीला स्वतः पडद्यावर येऊन दोन्ही चुका सांगितल्या, सालाची आणि लगामाची. मग अंगण, रडणं, खोकला, पाणी, सगळं होतं तसं गेलं. चिनाराने व्हायोलिनसुद्धा लावलं नाही. खोकल्याच्या वेळी ती खुर्चीचे हात घट्ट धरून बसली होती, पण बसली होती.

सोमवारी ओमुरकुल टेबलाचे कप्पे आवरायला लागला. स्वतःच्या वह्या त्याने पिशवीत भरल्या. दहा वाजता तालान्त आला आणि दारातच म्हणाला, "बायके, मंत्र्यांची बायको पुन्हा रडली." मंत्रालयाने यादीतून 'मरणोत्तर' हा शब्द काढला. या कामाला महिनाभर लागेल असं तालान्तला वाटलं होतं. तिथल्या एका बाईने तो चहा पिता पिता खोडला. बुरुल पदक घ्यायला आली नाही, कारण त्या दिवशी सरोवरावर वारा होता आणि जर्दाळू गोळा करायचे होते. तिने मेदेरला घरात घेतलं, असं लोक सांगतात ते खरं नाही. मेंढी संपेपर्यंत तीन दिवस तो तंबूत राहिला, मग बिश्केकला परतला. दर रविवारी ती त्याला फोन करते. तो उचलतो, आणि पहिली पाच मिनिटं तीच बोलते.

ओमुरकुलच्या फोनला मात्र उसंत मिळेना. एक ऐंशी वर्षांचा खलनायक म्हणाला, मलाही एकदा असं मारा, दोन बायका सोडून गेल्यात, त्या काय म्हणतात ते ऐकायचंय. एका निवृत्त नृत्यदिग्दर्शकाने तर सालही सुचवलं. तालान्तने या कल्पनेची मालिका करायचं ठरवलं, नावही काढलं. ओमुरकुल म्हणाला, "जिवंत माणूस चुकून मेला तर मी दुरुस्त करीन. मुद्दाम मारणार नाही." वह्या त्याने पिशवीतून काढून पुन्हा कप्प्यात लावल्या.

त्याच आठवड्यात गुरुवारी ओशहून एका म्हाताऱ्या बाईंचा फोन आला. आवाज बारीक होता, आणि त्या प्रत्येक वाक्याआधी जरा थांबत होत्या.

"गेल्या हिवाळ्यात तुम्ही आमच्या ह्यांच्यावर कार्यक्रम केला होता. ध्वनिमुद्रक होते."

ओमुरकुलला आठवलं. पाखरांचे आवाज गोळा करणारा माणूस. त्याने खालचा कप्पा उघडून वही काढली आणि पान शोधलं. "हो, एजे. काही चुकलं होतं का? साल?"

"नाही, साल बरोबर होतं."

"मग नाव?"

"नावही बरोबर." बाई थांबल्या. "परवा तुम्ही त्या बुरुलबाईंची दुरुस्ती दाखवलीत ना. ती बघून वाटलं, आमचीही काही दुरुस्ती होते का बघावं."

ओमुरकुलने वहीवर बोट ठेवलं. कबरीच्या दगडावरून त्याने स्वतः उतरवून घेतलेली तारीख तिथे होती, दिवसासकट.

"एजे," तो सावकाश म्हणाला, "ते तर खरंच..."

"माहीत आहे हो मला," बाई म्हणाल्या. "मी उशाशीच होते की. पण विचारून बघायला काय जातं."